आधी पाय, मग हात, शेवटी मेंदू

प्रश्न : कपीसारख्या पूर्वजाच्या मेंदूपासून माणसाचा मेंदू कसा घडला? आणि आजच्या चिंपांझींचा मेंदू तसा का वाढत नाही?

उत्तर : आधी दुसऱ्या प्रश्नाकडे वळू. चिंपांझी आपले पूर्वज नव्हेत, भाऊबंद आहेत. साधारण ६० ते ७० लाख वर्षांपूर्वी आफ्रिकेतल्या एका कपीच्या वंशाला दोन फाटे फुटले. एकातून चिंपांझी आले, दुसऱ्यातून आपण. चिंपांझींचीही उत्क्रांती तेव्हापासून चालूच आहे. पण त्यांच्या रानातल्या जगण्याला जे उपयोगी पडले तेच त्यांच्यात टिकले. माणूस होणे हे उत्क्रांतीचे ठरलेले मुक्कामाचे ठिकाण नाही.

आता मेंदूकडे येऊ. चिंपांझीच्या कवटीत मेंदूला सुमारे ४०० घनसेंटिमीटर जागा असते, आपल्या कवटीत सरासरी १३५०. शंभर वर्षांपूर्वी बऱ्याच विद्वानांची खात्री होती की आधी मेंदू वाढला आणि त्याच्या जोरावर पूर्वज दोन पायांवर उभा राहिला. १९१२ मध्ये इंग्लंडमधल्या पिल्टडाउन इथली कवटी जाहीर झाली. मेंदूची पेटी माणसाची, जबडा कपीचा. ती या समजुतीत अगदी चपखल बसली.

१९२४ मध्ये दक्षिण आफ्रिकेतल्या ताउंगच्या चुनखडीच्या खाणीतून निघालेले दगड जोहान्सबर्गला शरीररचनाशास्त्राचे प्राध्यापक रेमंड डार्ट यांच्याकडे आले. एका दगडावर त्यांना मेंदूच्या वळ्या स्पष्ट दिसल्या. कवटीत भरलेला गाळ दगड होऊन मेंदूच्या आकाराचा साचा तयार झाला होता. पत्नीच्या विणकामाच्या सुया परजून त्यांनी दुसऱ्या दगडात अडकलेला चेहरा मोकळा केला. दुधाचे दात आणि नुकत्याच आलेल्या पहिल्या कायमच्या दाढा असलेले ते लहान मूल होते. मेंदू कपीएवढाच होता. पण मज्जारज्जू बाहेर पडण्याचे भोक कवटीच्या मागे नसून तळाशी, पुढे सरकलेले होते. डोके ताठ मणक्यावर तोललेले असले तरच ते तिथे असते. मूल दोन पायांवर चालणारे होते.

डार्ट यांचे म्हणणे मान्य व्हायला वीसेक वर्षे लागली. पिल्टडाउनची कवटी मात्र १९५३ मध्ये बनावट ठरली : माणसाची कवटी, ओरांगउटानचा जबडा, दात कानशीने घासलेले. पुढे १९७४ मध्ये इथिओपियात ३२ लाख वर्षांपूर्वीच्या ‘ल्युसी’ नावाच्या मानववंशीय मादीचा सांगाडा सापडला. तीही दोन पायांवर चालत होती आणि तिची कवटीही लहानच होती. केनियात लोमेक्वी इथे ३३ लाख वर्षांपूर्वीची दगडी हत्यारे मिळाली आहेत. म्हणजे पाय सुटले, हात कामाला लागले, तरी मेंदूची मोठी वाढ अजून व्हायचीच होती.

ती वाढ प्रामुख्याने गेल्या २० लाख वर्षांतली. केनियात १९८४ मध्ये सापडलेल्या ‘तुर्काना बॉय’ या १५ लाख वर्षांपूर्वीच्या मुलाचा मेंदू ८८० घनसेंटिमीटरवर पोहोचला होता. मग एवढा उशीर का? मेंदू फार महाग पडतो. शरीराच्या वजनात त्याचा वाटा जेमतेम दोन टक्के. पण बसल्या जागी लागणाऱ्या ऊर्जेचा पाचवा हिस्सा तोच खातो. हत्यारांनी मांस आणि हाडांतला मगज हाती येऊ लागला, पुढे विस्तवावर शिजलेले अन्न मिळू लागले, तेव्हा हा खर्च झेपण्याची शक्यता वाढली. शिवाय मोठ्या टोळीत राहायचे तर कोण मित्र, कोण वैरी, कुणी कधी मदत केली हे ध्यानात ठेवण्याचाही फायदा होता.

जनुकांतही बदल झाले. आपल्या शाखेत काही जनुकांच्या जादा प्रती तयार झाल्या. २०१८ मध्ये जाहीर झालेल्या संशोधनानुसार ‘नॉच-टू-एनएल’ ही जनुके गर्भाच्या मेंदूतल्या मूळ पेशींना जास्त काळ विभागत ठेवतात, त्यामुळे चेतापेशी अधिक तयार होतात. चिंपांझीत ही जनुके कामाची नाहीत.

मात्र केवळ आकारावर जाऊ नका. निअँडरथलचा मेंदू आपल्याएवढा, कधी थोडा मोठाही होता. इंडोनेशियातल्या फ्लोरेस बेटावरच्या बुटक्या मानवाचा मेंदू चिंपांझीएवढाच होता आणि त्याच्या अवशेषांसोबत दगडी हत्यारे मिळाली आहेत. आतली जोडणी आणि मिळणारे शिक्षण यांनाही तितकेच महत्त्व आहे. आपले बाळ प्रौढ मेंदूच्या तिसऱ्या हिश्श्याहूनही लहान मेंदू घेऊन जन्मते. उरलेला मेंदू माणसांत, बोलणे ऐकत, खेळत वाढतो.

म्हणून वाकलेला कपी पायरीपायरीने ताठ होत माणूस बनतो असे चित्र मुलांनी दाखवले, तर त्यांना सांगा की आपला वंश सरळ रांग नाही, फांद्या फुटलेले झाड आहे, आणि त्या झाडावर मोठा मेंदू सर्वांत उशिरा आला.