विवाह आधी, समारंभ मागाहून

(कुटुंबासाठी धम्मपाठ)



या पंधरवड्याचा पाठ आपल्या घरातील एका नाजूक प्रश्नाविषयी आहे. दीक्षा घेतल्यावर आपण देव्हारा उतरवतो, नवस-सायास बंद करतो, मुलांना त्रिशरण-पंचशील शिकवतो. परंतु घरात लग्न निघाले की जुने सारे मागच्या दाराने परत येते. भटजीच्या जागी भन्ते किंवा बौद्धाचार्य असतात एवढेच; मंडप तोच, बँड तोच, आहेराची यादी तीच आणि कर्जही तेच. मग आपण बदलले ते काय?

यावर एक साधा मार्ग आहे. विवाह आणि समारंभ या दोन गोष्टी वेगळ्या करा. विवाह लहान करा, पण कायद्याने आणि धम्माने पक्का करा. समारंभ मागाहून करा, जेव्हा आणि जेवढा झेपेल तेवढा करा.

१. माझ्या घरची गोष्ट

मी आठवीत असताना माझ्या थोरल्या ताईचे लग्न झाले. तेव्हा आमच्या घराने दीक्षा घेतलेली नव्हती. आई-वडील दोघेही ऊसतोडीला जात. लग्नासाठी वडिलांनी मुकादमाकडून दोन हंगामांची उचल एकदम घेतली. गावजेवण झाले, वरात निघाली, व्हिडिओवाला आला. लोक म्हणाले, "नाव राखलंस." ती उचल फेडण्यासाठी माझ्या भावाने दहावी सोडली आणि हाती कोयता घेतला. तो पुन्हा शाळेत गेला नाही. घरात पदवी मिळवणारी पहिली मी. पण त्या पदवीत त्याची अर्धवट राहिलेली दहावी आहे, हे मी विसरू शकत नाही.

पुढे दाजी अपघातात गेले. वारसनोंदीच्या वेळी ताईकडे लग्नाचा दाखला मागितला. दाखला नव्हता, व्हिडिओची कॅसेट होती. पाचशे माणसे जेवून गेली होती, पण कागदावर सही करणारे तीन साक्षीदार कुणी बोलावले नव्हते. जवळजवळ वर्षभर ताई कचेरीत खेटे घालीत होती.

बंधू-भगिनींनो, या लग्नात चुकीचे कोण वागले? कुणीच नाही. सर्वजण रूढीप्रमाणे वागले. हीच तर रूढीची ताकद आहे, की तिच्यापायी घर बुडते आणि दोष कुणाच्याच माथी लागत नाही.

२. बाबासाहेबांची शिकवण आणि आचरण

बाबासाहेबांनी २० जुलै १९४२ रोजी नागपूरच्या महिला परिषदेत हजारो स्त्रियांसमोर लग्नाविषयी स्पष्ट विचार मांडले. लग्न ही जबाबदारी आहे, मुले आर्थिकदृष्ट्या समर्थ होईपर्यंत ती त्यांच्यावर लादू नका, आणि पत्नीने पतीची मैत्रीण म्हणून, बरोबरीच्या नात्याने उभे राहावे, असा त्यांच्या सांगण्याचा आशय होता.

त्यांनी स्वतः काय केले? १५ एप्रिल १९४८ रोजी दिल्लीत राहत्या घरी, मोजक्या मंडळींच्या उपस्थितीत, नोंदणी पद्धतीने डॉ. शारदा कबीर यांच्याशी विवाह केला. त्याच पुढे माईसाहेब झाल्या. देशाचा कायदेमंत्री मनात आणता तर केवढा थाट करू शकला असता!

महापरिनिर्वाणापूर्वी अवघे काही दिवस लिहिलेल्या एका पत्रात त्यांनी बौद्ध विवाहाचा विधी सांगितला. होम नाही, सप्तपदी नाही. वधू-वरांच्या मध्ये चौरंगावर नव्या मातीचे पाण्याने भरलेले भांडे, त्यात सोडलेल्या सुताची दोन टोके दोघांच्या हाती, अंगावर पांढरी वस्त्रे आणि कुणीतरी मंगलसुत्त म्हणावे, बस्स. यात मंडपाचा खर्च कोठे आहे?

३. तथागतांचा हिशेब

तथागतांनी गृहस्थाला संसार सोडा असे सांगितले नाही. संसाराचा हिशेब सांगितला. सिगालोवाद सुत्तात मिळकतीचे चार भाग करण्यास सांगितले आहे. एक भाग उपभोगासाठी, दोन भाग कामधंद्यासाठी आणि चौथा संकटकाळासाठी राखून ठेवावा. आता आपल्या लग्नाचा खर्च या हिशेबात बसवून पाहा. आपण चारही भाग एका दिवसात संपवतो आणि पुढच्या तीन वर्षांचे चार भाग सावकाराकडे गहाण टाकतो.

अनाथपिंडिकाला भगवंतांनी गृहस्थाची चार सुखे सांगितली. संपत्ती असण्याचे सुख, ती उपभोगण्याचे सुख, ऋण नसण्याचे सुख आणि निर्दोष वागण्याचे सुख. यांतील तिसरे आपल्यासारख्या कष्टकरी माणसाने घराच्या भिंतीवर लिहून ठेवावे. नवदांपत्याला ऋणमुक्त घर देणे, याहून मोठा आहेर कोणता?

४. कायद्याची दोन दारे

आता व्यवहाराकडे वळू. वराचे वय २१ आणि वधूचे १८ वर्षे पूर्ण असलेच पाहिजे. त्यानंतर आपल्यापुढे दोन दारे आहेत.

पहिले दार : धम्मविधी आणि त्याची नोंद. आपण हिंदू नाही. तरी १९५५ चा हिंदू विवाह कायदा बौद्ध, जैन आणि शीख यांनाही लागू केलेला आहे. त्यानुसार वधू किंवा वर यांच्या रीतीप्रमाणे विधी व्हावा लागतो. विहारात साक्षीदारांसमोर विधी करावा आणि महाराष्ट्राच्या १९९८ च्या कायद्यानुसार ९० दिवसांच्या आत गावी ग्रामपंचायतीत, शहरात नगरपालिका-महानगरपालिकेच्या नोंदणी कार्यालयात अर्ज द्यावा. तीन साक्षीदार लागतात. वयाचे व राहण्याचे पुरावे आणि विधी लावणाऱ्याची सही यांविषयी आधीच चौकशी करून ठेवावी. विहाराने किंवा संस्थेने दिलेला दाखला जपून ठेवावा, पण सरकारी नोंदीचे काम तो करीत नाही.

दुसरे दार : विशेष विवाह कायदा, १९५४. लोक याला 'कोर्ट मॅरेज' म्हणतात, पण यात कोर्टाचा संबंध नाही. विवाह अधिकाऱ्याकडे नोटीस द्यायची असते. दोघांपैकी एकाचे त्या जिल्ह्यात आधीचे किमान ३० दिवस वास्तव्य हवे. नोटीस कचेरीत लावतात, ३० दिवस हरकतींची वाट पाहतात. मग नोटीस दिल्यापासून तीन महिन्यांच्या आत अधिकारी व तीन साक्षीदार यांच्यासमोर दोघांनी एकमेकांना पती-पत्नी म्हणून स्वीकारल्याचे तोंडाने म्हणायचे आणि सह्या करायच्या. येथे कोणत्याही विधीची अट नाही. विधीच्या वैधतेविषयी कसलीच शंका ज्यांना नको, त्यांनी हे दार निवडावे. जादा शुल्क भरल्यास अधिकारी वाजवी अंतरावरील ठिकाणीही येऊ शकतात. दोघेही बौद्ध असतील तर १९७६ च्या दुरुस्तीमुळे या विवाहाने वारसाहक्काचे नियम बदलत नाहीत, ही भीतीही मनातून काढून टाकावी.

येथे एक धोक्याची खूण नीट पाहून ठेवा. पहिल्या दाराने जाताना, "आता नुसती नोंद करू, विधी समारंभाच्या दिवशी करू," असे करू नका. दोन वैमानिकांनी नेमके असे केले होते. २०२१ मध्ये कागद करून घेतला आणि विधी पुढच्या वर्षी ठरवला. मधल्या काळात दोघांत वाद झाला. एप्रिल २०२४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की हिंदू विवाह कायद्याखाली विधी झालाच नसेल, तर नुसत्या नोंदीच्या दाखल्याने विवाह होत नाही. म्हणून पहिल्या दाराने जाल तर आधी विधी आणि मग नोंद, हा क्रम सोडू नका.

उलट बाजूही समजून घ्या. रीतसर विधी झाला असेल तर केवळ नोंद नाही म्हणून विवाह खोटा ठरत नाही. पण पुरावा देताना दम निघतो, विशेषतः बाईचा. सर्व विवाहांची नोंद सक्तीची करावी असे सर्वोच्च न्यायालयाने फेब्रुवारी २००६ मध्ये सांगितले, ते उगाच नव्हे. आपल्या घरात विनानोंदीची जुनी लग्ने असतील तर विलंब शुल्क भरून तीही नोंदवून घ्या.

५. मधल्या दिवसांची काळजी

विवाह आणि समारंभ यांत अंतर पडले की काही घरांत म्हणतात, "नोंद झाली, पण खरे लग्न व्हायचेय." हे बोलणे वाढू देऊ नका. विवाह झाला त्या दिवसापासून ती पत्नी आहे, तो पती आहे. समारंभ होईपर्यंत मुलीला माहेरी बसवून ठेवणे, आणि तेवढ्यात "गाडी द्या, मग समारंभ" अशी मागणी पुढे करणे, हा हुंडाच होय. १९६१ च्या कायद्याने हुंडा घेणे हा गुन्हा आहे आणि देणे हाही गुन्हा आहे. म्हणून दोन्ही घरांनी विवाहापूर्वीच बसून ठरवावे, की मुलगी कधी नांदायला जाणार, जेवण कोण देणार, किती माणसांचे आणि कोणाच्या पैशाने.

सर्व कागदांवर तारीख पहिल्या दिवसाचीच घालावी. समारंभाच्या पत्रिकेवर 'शुभविवाह' न छापता 'विवाहानिमित्त स्नेहभोजन' असे छापावे. त्या दिवशी पुन्हा विधी नको. त्रिशरण-पंचशील, दोघांची ओळख आणि जेवण एवढे पुरे.

६. समारंभ हवाच का?

माझे लग्न आमच्या दीक्षेनंतर तीन वर्षांनी झाले. रविवारी सकाळी विहारात दोन्हीकडची मिळून पंचवीस माणसे होती. त्याच आठवड्यात ग्रामपंचायतीत नोंद केली. चुलते रागावले. "पोरीचं लग्न चोरासारखं लावलं," म्हणाले. वडील एवढेच बोलले, "लग्न लागलंय, जेवण राहिलंय. जेवण देईन, पण उचल घेऊन नाही."

चुलत्यांचा राग मी हसण्यावारी नेत नाही. ज्यांच्या पंगतीला वर्षानुवर्षे कुणी बसत नव्हते, त्यांना चार माणसे आपल्या दारी जेवावीत असे वाटणारच. आनंद वस्तीसोबत वाटावा, हे धम्माविरुद्ध नाही. धम्माविरुद्ध आहे ते कर्ज काढून केलेले प्रदर्शन. सात महिन्यांनी, वैशाख पौर्णिमेनंतरच्या रविवारी, आम्ही दोघांनी पगारातून साठवलेल्या पैशांतून वस्तीला वरण-भात, भाजी आणि खीर असे जेवण दिले. चुलते पहिल्या पंगतीला होते. त्या वर्षी ऊसतोडीचा हंगाम सुरू झाला तेव्हा मुकादम नेहमीप्रमाणे आमच्या दारी आला आणि चहा पिऊन परत गेला.

घरी चर्चेसाठी प्रश्न

१. आपल्या घरातील मागील लग्नाचे कर्ज किती दिवसांत फिटले? त्यासाठी कोणी काय सोडले?
२. आपल्या घरातील कोणत्या विवाहांची नोंद अद्याप झालेली नाही? ती कोण आणि कधी करून घेणार?
३. पुढील विवाहासाठी दोहोंपैकी कोणते दार आपल्याला योग्य वाटते, आणि का?
४. मिळकतीच्या चार भागांपैकी समारंभाचा खर्च कोणत्या भागातून व्हावा?

हे प्रश्न घरातील स्त्रियांना आधी विचारा. उत्तरे त्यांच्याजवळ तयार असतात.

नमो बुद्धाय! जय भीम!