टाके नाहीत, नुसता गोंद?

प्रश्न : सहा वर्षांच्या मुलाच्या कपाळाला खोक पडली. डॉक्टरांनी टाके न घालता गोंद लावून घरी पाठवलं. एवढं पुरेल का?
– एक वाचक, विजय नगर, जबलपूर

उत्तर : जखम स्वच्छ, लहान आणि कडा आपोआप जुळणारी असेल तर पुरेल. हा सायनोॲक्रिलेट गोंद जखमेत भरत नाहीत. कडा चिमटीत धरून वरून पातळ थर देतात. पाच ते दहा दिवसांत खपली आपसूक सुटते. गुडघा, कोपर अशा ताण पडणाऱ्या जागी मात्र नायलॉनचे टाकेच बरे. ते दहा-चौदा दिवसांनी काढतात, चेहऱ्यावरचे साधारण पाचव्या दिवशी.

तसं हे नवं नाही. टिपू सुलतानच्या सैनिकांनी नाक कापलेल्या कावसजी नावाच्या माणसाला पुण्याच्या एका कारागिराने कपाळाच्या कातडीचं नाक बसवलं. लंडनच्या 'जंटलमन्स मॅगझिन'मधल्या १७९४ च्या वृत्तांतानुसार टाका एकही नव्हता. ओल्या काथाने माखलेल्या कापडी पट्ट्यांनी ते धरून ठेवलं होतं!

तुम्ही काथ लावू नका. मलम, व्हॅसलीन, तेलही नको, त्याने गोंद सुटतो. कडा उघडल्या, पू किंवा ताप आला तर लगेच दाखवा. धनुर्वाताची लस झाली आहे ना, तेही पाहा.