आजीची भूमिका

चि. मुक्ता,


याही नाटकात आजीचंच काम आलं म्हणून तू रडलीस, असं ताई म्हणाली. सव्विसाव्या वर्षी केस पांढरे करून बसायचं, याचं वाईट वाटणारच. पण संहिता परत करण्याआधी लिझ स्मिथ या अभिनेत्रीची गोष्ट ऐक.

ही इंग्लंडमधल्या स्कन्थॉर्पची, जन्म १९२१. दोन वर्षांची असताना आई गेली, पुढे वडिलांनीही सोडलं. आजीनं वाढवलं. लग्न मोडल्यावर दोन मुलं एकटीनं सांभाळताना मिळेल ते काम केलं, पण अभिनयाचा सराव सोडला नाही. पन्नाशीच्या उंबरठ्यावर ती लंडनच्या हॅम्लीज दुकानात खेळणी विकत होती. त्याच दिवसांत माइक ली या तरुण दिग्दर्शकाचा निरोप आला. ली तयार संहिता हातात देत नसत. नटानंच पात्र उभं करत न्यायचं. इतकी वर्षं माणसं पाहून जे साठलं होतं, ते तिथं कामी आलं. ‘ब्लीक मोमेंट्स’मध्ये ती म्हातारी आई झाली आणि १९७३ च्या ‘हार्ड लेबर’मध्ये लोकांच्या घरची साफसफाई करणारी, मुकाट राबणारी बाई. ती तर नायिकाच होती!

‘अ प्रायव्हेट फंक्शन’मध्ये मॅगी स्मिथच्या आईचं काम करून तिनं साहाय्यक अभिनेत्रीचा बाफ्टा पुरस्कार मिळवला. पण तू बघ ती ‘द रॉयल फॅमिली’ ही मालिका. त्यातली तिची नॅना, म्हणजे आजी, बहुतेक वेळ नुसती बसून असते. हट्टी, आपमतलबी, तरीही हवीहवीशी. २००६ च्या विशेष भागात ती बैठकीच्या खोलीत अंथरुणाला खिळलेली आहे. तेव्हा लिझ चौऱ्याऐंशी वर्षांची होती. मी तो भाग दोनदा पाहिला. दोन्ही वेळा शेवटी डोळे पुसावे लागले.

कंबरेत वाकून, आवाज कापरा करून आजी होत नाही, मुक्ता. ती कुणावर रुसली आहे, उशाखाली काय जपते, कुणाची वाट बघते, हे आधी शोध. आणि बँकेतली नोकरी एवढ्यात सोडू नकोस. खिडकीपाशी येणारी म्हातारी माणसं नीट बघ.

तुझ्या आजीचं नऊवारी लुगडं माझ्याकडे आहे. धुऊन ठेवलंय. शनिवारच्या तालमीआधी घेऊन जा.

तुझी,
मावशी