चित्रपटाचा संकलक

चित्रपट पाहून आल्यावर नटनटींची नावे सर्वांच्या ध्यानात राहतात. परंतु ज्याचे नाव पडद्यावर क्षणभर चमकून जाते, त्या संकलकाचे काम कोणते, असे विचारले असता पुष्कळांना उत्तर देता येत नाही. म्हणून त्याविषयी थोडे लिहिण्याचे आम्ही योजिले आहे.

पडद्यावर एका सेकंदात 24 चित्रे सरकतात. छायालेखकाने टिपलेली चित्रे याच्या कित्येक पट असतात. त्यांतून निवड करणे, ती क्रमाने जोडणे व त्यांचा आवाजाशी मेळ घालणे हे संकलकाचे काम होय. पूर्वी फीत कापून चिकटवीत असत. आता हे संगणकावर होते. परंतु खरी कसोटी हाताची नसून विवेकाची आहे. आपल्या बीड जिल्ह्यातून ऊसतोडीस निघालेल्या एखाद्या वृद्धेचा चेहरा घ्या. त्यापुढे कोरडी विहीर जोडली तर तो चिंतातुर दिसेल. हसरा नातू जोडला तर तोच वात्सल्याने भरलेला वाटेल. चेहरा मात्र तोच! रशियातील लेव कुलेशोव यांचा याच तऱ्हेचा प्रयोग प्रसिद्ध आहे.

मोठ्या कंपनीच्या चित्रपटाची कथा आधी लिहिलेली असते. स्वतंत्रपणे माहितीपट काढणाऱ्याची कथा बहुधा संकलनाच्या मेजावरच घडते. श्री. आनंद पटवर्धन यांचा ‘जय भीम कॉम्रेड’ (2011) पाहा. त्याचे संकलन त्यांनी स्वतःच केले. 11 जुलै 1997 रोजी मुंबईत घाटकोपरच्या रमाबाई नगरात डॉ. आंबेडकरांच्या पुतळ्याची विटंबना झाली. निषेधार्थ जमलेल्या लोकांवर पोलिसांनी गोळीबार केला व 10 जण मृत्यू पावले. पटवर्धनांच्या ‘हमारा शहर’ (1985) या चित्रपटात गायिलेले शाहीर विलास घोगरे यांनी त्या दुःखात प्राणत्याग केला. पुढे 14 वर्षे चित्रण चालले, आणि त्याचा सुमारे 3 तासांचा चित्रपट झाला.

जमाव टँकर पेटविणार होता, असे पोलिसांचे म्हणणे होते; गुंडेवार आयोगाने गोळीबार असमर्थनीय ठरविला. अशा प्रसंगी आधी काय घडले व मागून काय, यावरच दोष कोणाचा हे ठरते. चित्रांचा क्रम फिरविला की निरपराधी मनुष्य अपराधी दिसू लागतो, आणि गरिबाजवळ तर उलट उत्तर देण्यास कॅमेराही नसतो. या चित्रपटात शाहिरांच्या गाण्यांना पुष्कळ जागा दिली आहे. काहींस ती लांबण वाटेल. आम्हांस तसे वाटत नाही, कारण ते गाणे म्हणजे त्या वस्तीची साक्ष आहे, आणि साक्ष अर्ध्यावर तोडू नये.

हे शास्त्र पुण्यातील फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये शिकवितात. ही संस्था 1960 साली प्रभात कंपनीच्या जागेत निघाली. तेथेच शिकलेल्या रेणू सलुजा (मृत्यू 2000) यांनी ‘अर्धसत्य’ व ‘जाने भी दो यारो’ हे चित्रपट संकलित केले आणि संकलनाचे राष्ट्रीय पारितोषिक 4 वेळा मिळविले.