शब्दांच्या वहीबद्दल

चि. मृण्मयी हिस,


तुझी इंग्रजी शब्दांची वही वाचली. बहुतेक अर्थ नेटके लिहिलेस, पण उच्चाराचा रकाना स्पेलिंगवरून अंदाजाने भरलेला दिसतो. तो पुन्हा करायला हवा.

'एपिटोम' असं लिहिलंस. तो शब्द आहे 'इपिटमी', जोर 'पि'वर. 'हायपरबोल' नव्हे, 'हायपर्बली', जोर 'पर्'वर. दोन्ही मूळ ग्रीक. तिथला शेवटचा स्वर इंग्रजीनेही उच्चारात राखला. 'कटॅस्ट्रफी'चंही तसंच. शब्दाचं कूळ कळलं की असे बरेच उच्चार एकदम सुधारतात.

स्पेलिंग आणि उच्चार यांची फारकत का झाली, तेही समजून घे. विल्यम कॅक्स्टनने १४७६ साली वेस्टमिन्स्टरला छापखाना काढला. पुढे छपाईमुळे स्पेलिंगं हळूहळू पक्की होत गेली, पण त्याच काळात इंग्रजांच्या तोंडचे दीर्घ स्वर बदलत होते. कागदावर जुनंच रूप उरलं. त्यात विद्वानांनी भर घातली. कर्ज या अर्थाचा 'डेट' फ्रेंचमधून आला तेव्हा त्यात 'बी' नव्हता. लॅटिनशी नातं दिसावं म्हणून तो मागाहून घुसवला. लोकांनी मात्र तो उच्चारला नाही. सूक्ष्म या अर्थाच्या 'सटल'मधला 'बी'ही असाच मुका. 'कर्नल'मध्ये तर स्पेलिंग इटालियन 'ल'चं आणि उच्चार जुन्या फ्रेंच 'र'चा. मराठीत हा शब्द कानावाटे आला, म्हणून इंग्रजी अक्षर न ओळखणारी माणसंही तो बिनचूक म्हणतात. तू आधी ऐकावंस असं मी म्हणतो ते यासाठीच.

मराठीत जोर बदलला म्हणून शब्द बिघडत नाही. इंग्रजीत बिघडतो. 'फोटोग्राफ'मध्ये जोर पहिल्या अवयवावर, 'फटॉग्रफी'त दुसऱ्यावर, आणि जोर सरकताच बाकीचे स्वर पुसट होतात. कोशात उच्चार देताना जोराच्या अवयवाआधी एक बारीक उभी रेघ असते. कोश उघडलास की आधी ती शोध.

अर्थातही दिसण्यावर जाऊ नकोस. 'एनर्व्हेट'पुढे 'उत्साह देणे' लिहिलंस, बहुधा 'एनर्जी' आठवून. अर्थ नेमका उलटा आहे: शक्ती शोषून घेणे, गलितगात्र करणे. 'नॉइसम'चा आवाजाशी काही संबंध नाही. तो 'अनॉय'चा नातलग, आणि अर्थ दुर्गंधीयुक्त, किळसवाणा. अशा शब्दांना नुसता मराठी प्रतिशब्द पुरत नाही. कोशातलं एक वाक्य शेजारी उतरवून घे. वाक्याशिवाय शब्द वापरायची घाई निबंधातही करू नकोस.

रोज पाचच शब्द घे, पण मोठ्याने म्हण. पहिली चार पानं दुरुस्त झाली की फोन कर. तू वाच, मी ऐकतो.

तुझा,
मामा