पुसट

गेली तीन वर्षं मी एका कादंबरीत बुडाले आहे. तिच्यातल्या बेटावर आरसेकरी राहतात. काचेच्या पाठीला ते चंद्ररस लावतात आणि त्या आरशात गेलेलं माणूस घटकाभर दिसतं. या कारागिरांना एक आजार होतो. आधी आरशातला स्वतःचा चेहरा धूसर होतो, मग घरचेही त्यांचा चेहरा विसरू लागतात. आजार माझ्या मनातला आहे, पण तो रचताना जे शिकले ते खरं आहे.

१. आजार शाप म्हणून लिहू नये.

पहिल्या खर्ड्यात मी तेच केलं होतं. मेलेल्यांना बोलावलं, म्हणून देव कोपला. वाचताना माझाच मला राग आला. शाप म्हटलं की दोष कारागिराचा ठरतो आणि आरसा विकत घेऊन माजघरात टांगणारा मोकळा सुटतो. ती चाळीस पानं मी फाडली.

२. आधी काम नीट बघावं, आजार त्यातूनच निघतो.

जुन्या काळी आरसे कसे करत, ते मी शोधत बसले. कथलाचा वर्ख सपाट पसरायचा, त्यावर पारा ओतायचा, वरून काच अलगद सरकवायची, मग वजनं ठेवून जादा पारा निथळू द्यायचा. पारा तापवावाही लागत नाही. साध्या खोलीतही त्याची वाफ होत राहते आणि तिला वास नसतो. व्हेनिसजवळच्या मुरानो बेटावर हे काम चाले. बर्नार्दिनो रामात्सिनी या इटालियन वैद्याने १७०० साली कारागिरांच्या आजारांवर ग्रंथ लिहिला. त्यात तो सांगतो की तिथले आरसेवाले आपणच केलेल्या आरशात आपली दशा बघून कपाळाला आठ्या घालत आणि आपल्या धंद्याला शिव्या देत.

ते वाचून मी लेखणी खाली ठेवली. माझी कल्पना तीनशे वर्षांपूर्वी कोणीतरी अंगावर भोगून गेलं होतं. त्यानंतर माझ्या चंद्ररसालाही वाफ आली, बिनवासाची. खिडक्या बंद ठेवायची सक्ती आली, कारण वाऱ्याने रस हलला तर आरसा डागाळतो. ती सक्ती मालकाची.

३. नाव भोगणाऱ्यांनी ठेवलेलं असावं.

आधी मी ‘बिंबक्षय’ असं भारदस्त नाव दिलं होतं. पण अंगावर नागीण उठते तेव्हा आपण नागीणच म्हणतो. बेटावरची बाई विहिरीवर काय म्हणेल? ‘आमच्या ह्यांना पुसट लागली.’ ते नाव बसलं.

४. धंदा विचारावा.

हे रामात्सिनीचंच सांगणं. त्याच्या घराचा शोषखड्डा उपसायला आलेला माणूस जिवाच्या आकांताने हात चालवत होता. एवढी घाई का, असं त्याने विचारलं. माणूस म्हणाला, जास्त वेळ आत राहिलं तर डोळे जातात. तिथून तो कारागिरांच्या मागे लागला आणि रोग्याला विचारायच्या जुन्या प्रश्नांत त्याने एकाची भर घातली: काम काय करतोस?

माझ्या अण्णांना हा प्रश्न फार उशिरा विचारला गेला. बावीस वर्षं ते खडी क्रशरवर हिशेब लिहीत. पत्र्याची खोली, यंत्रापासून वीसेक पावलांवर. वहीचं पान उलटण्याआधी ते त्यावर हलकी फुंकर मारत. घरी जेवताना ताटावरही मारत, सवयीने. खोकला धरला तेव्हा क्षयाची औषधं सुरू झाली. महिने गेले, उतार पडेना. मग एका तरुण डॉक्टरीणबाईंनी एक्स-रे बाजूला ठेवला आणि विचारलं, ‘काका, नोकरी कुठे होती?’ दगडाची धूळ फुप्फुसात बसली होती. ती आता निघत नाही.

कादंबरीतल्या वैद्यीणबाई त्यांच्यावरून आल्या. त्या नाडी नंतर बघतात.

५. मोठं लक्षण नंतर, बारीक आधी.

पाऱ्याची बाधा बोटांच्या कापऱ्यातून दिसू लागते, अक्षर वाकडं होतं. स्वभावही पालटतो. माणूस बुजरा होतो, एकदम चिडतो, आणि घरचे म्हणतात, ‘हल्ली हे असेच वागतात.’ माझा आरसेकरी लेकीला पाटीवर ‘ग’ गिरवून देतो आणि ‘ग’ची काठी थरथरते. लेक तशीच थरथरती काठी गिरवते. या एका प्रसंगावर मी महिनाभर बसले होते.

६. जडीबुटीने बरं करू नये.

१८३५ मध्ये लीबिग या जर्मन रसायनशास्त्रज्ञाने काचेवर चांदीचा थर चढवायची रीत काढली आणि पुढे आरशातला पारा मागे पडला. माझ्या बेटावरही रीतच बदलते, फार उशिरा.

गेल्या दिवाळीत अण्णांना पूर्ण हस्तलिखित वाचून दाखवलं. मध्ये मध्ये ते धाप घ्यायला हात वर करत, मी थांबे. शेवटचं पान झाल्यावर बराच वेळ काही बोलले नाहीत.

मग म्हणाले, ‘मालकाला नाही लागत पुसट?’

‘नाही, अण्णा.’

‘बरोबर आहे,’ ते म्हणाले. ‘तो आत कशाला येतोय.’