कॅमेऱ्यापुढे बोलतात, मग कोर्टात का नाही?

प्रश्न : खऱ्या गुन्ह्यांवरच्या माहितीपटांत बायका आपल्यावर काय गुदरलं ते सविस्तर सांगतात. हे त्यांनी कोर्टातच का नाही सांगितलं? आणि हे बोलणं पुरावा म्हणून चालतं का? – एक वाचक, सांगली

उत्तर : पुरावा म्हणून ते पुरेसं नसतं. साक्ष शपथेवर व्हावी लागते आणि समोरच्या वकिलाला उलटतपास घेता यावा लागतो. माहितीपटात उलटतपास नाही, आणि लांबलचक मुलाखतीतलं काय ठेवायचं ते संकलनाच्या टेबलावर ठरतं.

पहिल्या प्रश्नासाठी नागपूरचं उदाहरण घेऊ. १३ ऑगस्ट २००४ रोजी अक्कू यादव या गुंडाला जमावाने जिल्हा न्यायालयाच्या इमारतीतच ठार केलं. त्याने कस्तुरबानगरातल्या बायकांवर वर्षानुवर्षं अत्याचार केल्याचे आरोप होते. अटकसत्र सुरू झालं तेव्हा वस्तीतल्या बायका ‘आम्हा सगळ्यांनाच धरा’ म्हणत पुढे आल्या. ‘वळू’, ‘देऊळ’चे दिग्दर्शक उमेश कुलकर्णी यांनी २०२२मध्ये नेटफ्लिक्ससाठी या प्रकरणावर तीन भागांची मालिका केली. तिच्यात या वस्तीतल्या बायका स्वतः बोलतात.

आता कोर्टात काय झालं ते पाहा. आरोपी मेला की त्याच्यावरचा खटला तिथेच संपतो. म्हणजे या बायकांनी फिर्यादी म्हणून आपलं म्हणणं मांडावं, असा खटलाच उरला नाही. जो उभा राहिला तो त्याच्या खुनाचा, आणि त्यात वस्तीतलीच माणसं आरोपी. आरोपीला स्वतःविरुद्ध बोलण्याची सक्ती नसते. वकीलही गप्प राहा असंच सांगणार. कारण ‘त्याने माझ्यावर अत्याचार केला’ एवढं एक वाक्य त्या खटल्यात खुनाचा हेतू म्हणून तिच्यावरच उलटलं असतं! जे दुःख तिला सांगायचं होतं, तेच सांगणं धोक्याचं होतं. हे मला फार अस्वस्थ करतं. २०१४मध्ये आरोपी पुराव्याअभावी सुटले. त्यानंतरच्या बोलण्याला ती भीती नाही. त्यातलं सगळं सिद्ध झालंय असं नाही, पण उशिरा बोलल्या म्हणून खोटं, हे मला मान्य नाही.

चेहऱ्याबद्दलही सांगतो. बलात्कार सोसलेल्या सज्ञान स्त्रीची ओळख तिच्या लेखी परवानगीवाचून छापणं किंवा दाखवणं गुन्हा आहे. पूर्वी दंड संहितेचं कलम २२८अ, आता भारतीय न्याय संहितेचं कलम ७२. तेव्हा अशी एखादी बाई चेहरा न झाकता समोर बसलेली दिसली, तर त्याआधी तिने एका कागदावर सही केलेली असली पाहिजे.